पाण्यात काय होते

सोमवार, २६ नोव्हेंबर २०१८. औलाद शिहा

घटना ज्या क्रमाने घडली त्याच क्रमाने लिहून ठेवते. उद्यापासून प्रत्येक जण आपापल्या सोयीचा क्रम लावू लागेल.

पहिली गोष्ट. माझ्या ‘उभ्या’ या चित्रपटाचे शेवटचे दृश्य आज घ्यायचे होते. जैतुनाच्या, म्हणजे ऑलिव्हच्या, तोडणीला निघालेल्या अठरा बायका उघड्या पिकअपमध्ये एकमेकींना धरून उभ्या आहेत आणि गाडी मातीच्या रस्त्याने जात आहे. सलग एकच दृश्य, मध्ये कट नाही. कॅमेरा पुढच्या गाडीवर, आणि मी कॅमेऱ्याशेजारी.

दुसरी. पिकअप लझहरचा होता आणि तोच चालवत होता. रोज बायकांना शेतांवर पोहोचवणारा वाहतूकदार तो हाच. चित्रपटातही तो स्वतःच्याच भूमिकेत आहे.

तिसरी. गाडीच्या तळाचा पत्रा ओला केलेला होता. इकडचे वाहतूकदार तो रोजच ओला करतात. ओल्या पत्र्यावर कोणी बूड टेकत नाही, आणि उभ्या बायका बसलेल्यांच्या दुपटीने मावतात. या एका क्रूर युक्तीवर माझा सगळा चित्रपट उभा आहे.

चौथी. चौथ्या प्रयत्नात, कोरड्या ओढ्याच्या उतारावर, गाडीला हिसका बसला. एकीचा पाय सरकला, आणि पाठोपाठ सगळी रांगच सरकली. सर्वांत मागे उभी असलेली शाझलिया मागच्या फळीवरून रस्त्यावर पडली.

पाचवी. तिच्या कमरेचे हाड मोडले आहे. ती शुद्धीवर आहे. किनाऱ्यावरच्या मोठ्या इस्पितळात नेले.

सहावी. दुपारी चौकीवरून दोन शिपाई आले आणि लझहरला घेऊन गेले.

एवढेच. मते नंतर. मात्र एक नोंदवायलाच हवे: पडण्याच्या क्षणापर्यंत दृश्य निर्दोष होते.

मंगळवार, २७ नोव्हेंबर

सकाळी इस्पितळात गेले. शाझलिया उताणी, पायाला वजन बांधलेली. वय सदतीस, दिसते पन्नाशीची. मी काही बोलण्याआधीच तिने विचारले, “लल्ला, पुन्हा करायला लागेल का ते?” ‘लल्ला’ म्हणजे इकडे बाईसाहेब. मी खरे तेच सांगितले की नाही, तिसरा प्रयत्न वापरता येईल. तिला हायसे वाटले. तिची सासू खाटेच्या पायथ्याशी बसून माझ्याकडे टक लावून पाहत होती. माझ्या सलामाला तिने उत्तर दिले नाही. दुःख आणि उद्धटपणा यांतली सीमा इकडे फार पातळ आहे.

दुपारी मेहरेझ ट्यूनिसहून आला. माझे चारही चित्रपट त्याच्या पैशाने झाले. धुळीच्या गावात पांढरे बूट घालून येणारा निर्माता मी दुसरा पाहिला नाही.

“फार वाईट झालं गं,” तो म्हणाला, आणि त्याच श्वासात, “मिळालं का दृश्य?”

“तिसरं मिळालं.”

“अल्हम्दुलिल्लाह.” त्याने सिगारेट पेटवली. “चौकीवाल्यांनी काय विचारलं तुला?”

“नाव, व्यवसाय, आणि मी कुठे होते.”

“कुठे होतीस?”

“पुढच्या गाडीत.”

“बस्स! पुढच्या गाडीत तू, मागच्या गाडीत तो. देवानं स्वतः मांडणी करून दिलीय, रौदा. तू आता तिच्यात सुधारणा करू नकोस. तुझी ती खोड मला माहितेय.”

लझहरविषयी माझे मत लपवण्यासारखे नाही. वीस वर्षे तो बायकांना मेंढरांसारखे कोंबत आला आणि त्यांच्या रोजातून आपला वाटा काढत आला. चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी मला म्हणाला होता, “मला खलनायक करताय ना, लल्ला? करा. पण लग्नातलं जाकीट घालू द्या. बाप चोर होता एवढं पोरांनी ऐकलं तर चालेल, पण भिकारी होता असं नको.” हाच त्याचा नैतिक विचार. असा माणूस अखेर चौकीत बसला असेल, तर न्यायाला उशीर झाला एवढेच म्हणता येईल.

गुरुवार, २९ नोव्हेंबर

सोमवारच्या नोंदीत एक तपशील आलेला नाही. तो तांत्रिक असल्यामुळे गाळला होता, पण ही वही माझी आहे आणि तिच्यात उणीव राहिलेली मला चालणार नाही.

साधे पाणी पत्र्यावर टिकत नव्हते. वारा कोरडा होता. गाडी दोनशे पावले गेली की पत्रा सुकायचा आणि भिंगाला काहीच दिसायचे नाही. सोफियान, माझा छायालेखक, म्हणाला, “मॅडम, ओल दिसतच नाहीये. गंजलेला पत्रा दिसतोय नुसता.” म्हणून तिसऱ्या प्रयत्नाआधी मी पाण्यात ग्लिसरिन मिसळायला सांगितले. यात नवे काहीच नाही. फळांवरचे दव, नटाच्या कपाळावरचा घाम, नटीचे अश्रू, सगळे आम्ही ग्लिसरिननेच करतो, कारण ते सुकत नाही आणि प्रकाश धरून ठेवते.

तुर्किया ही बायकांतली सर्वांत वडील, साठीची असेल. तिने पत्र्यावर बोट फिरवले आणि जिभेला लावले.

“गोड लागतंय गं हे! आणि बुळबुळीत.”

“लग्नाला निघालोय वाटतं,” मागून कोणी तरी म्हणाली, “सरबतात उभ्या राहून.”

सगळ्या हसल्या. लझहरने खिडकीतून मान बाहेर काढली. “लल्ला, माझ्या पाण्यात काय वाईट होतं? वीस वर्षं ओततोय.”

“तुला गाडी चालवायला घेतलंय, बोलायला नाही.”

“बरं, चालवतो. पण उतारावर ‘जोरात’ म्हणू नका.”

मी ‘जोरात’ म्हटले नव्हते. मी ‘वेग एकसारखा ठेव’ असे म्हटले होते. दोन्हींत फरक आहे.

तिसरा प्रयत्न सुंदर उतरला. अडचण एकच: बायकांनी मला न विचारता चपला काढून कमरेला खोचल्या होत्या. आधीच्या दृश्यात त्या गाडीत चढतात तेव्हा पायांत प्लास्टिकच्या चपला स्पष्ट दिसतात. चढताना चपला आणि चालत्या गाडीत अनवाणी, असली गफलत मी शिकवते त्या विद्यार्थ्यांच्या चित्रपटातही खपवून घेत नाही. चपला घालायला लावल्या आणि चौथा प्रयत्न घेतला. चौकट थोडी वर उचलली तर पाय दिसणारच नाहीत, हे तेव्हा सुचायला हवे होते. सुचले नाही.

सोफियान आज खोलीवर आला. दारातूनच बोलला.

“मॅडम, बाटली आपल्या पेटीतली होती. चौकीवर सांगून येऊ का?”

“तुला कोणी विचारलं?”

“नाही.”

“न विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर लिहिणारे विद्यार्थी मी पुष्कळ पाहिलेत. ते नापास होतात.”

तो गेला. माझे उत्तर नेमके होते. तरी त्याने ते ज्या तऱ्हेने ऐकून घेतले ती मला आवडली नाही.

शनिवार, १ डिसेंबर

हॉटेलच्या अंगणात तिघी येऊन उभ्या राहिल्या. तुर्किया पुढे. झाडांवरून थेट आल्या होत्या. जैतून ओरबाडण्यासाठी बोटांत घालतात ती बकऱ्याच्या शिंगांची टोपणे अजून बोटांतच होती.

“बसा,” मी म्हटले.

“चालत आलोय, लल्ला. बसलो तर उठवणार नाही. लझहरची गाडी चौकीत आणि दुसरा कोणी आम्हाला घेत नाही. म्हणतात, तुम्ही सिनेमावाल्या बायका, तुमच्या पायगुणानं पोलीस येतात.”

“मग काय हवंय?”

“लझहर सुटायला हवा.”

मला हसू आले. “तुम्ही हे म्हणता? तो तुमच्या रोजातून वाटा खातो, तुम्हाला कोंबून नेतो. कॅमेऱ्यासमोर तुम्हीच सांगितलंत ना?”

“सांगितलं. खोटं नाही सांगितलं एक अक्षर. त्याच्या आईच्या तोंडावरही सांगते, चुलती आहे माझी ती. हावरट आहे मेला.”

“मग?”

“मग काय? हावरट आहे म्हणून कुठे धरलंय त्याला? वीस वर्षं पाणी ओतलं तेव्हा कुणी हात लावला नाही. ज्या दिवशी त्यानं ओतलं नाही, त्या दिवशी धरून नेला.”

मी शांतपणे समजावून सांगितले. हा चित्रपट पूर्ण झाला तर देशभर या वाहतुकीवर बोलले जाईल, कायदा होईल, हजारो बायकांचे भले होईल. चौकशीत आत्ता नवा फाटा फुटला तर चित्रपटच अडकेल. एका माणसासाठी हजारोंचा प्रश्न थांबवणे शहाणपणाचे नाही.

धाकट्या बाईने शिंगांची बोटे एकमेकांवर वाजवली. “तोवर झाडापर्यंत आम्हाला कोण नेणार? तुमचा कॅमेरा?”

“गप गं,” तुर्किया तिला म्हणाली. मग माझ्याकडे वळून, “हजार बायका मी नाही पाहिल्या, लल्ला. शाझलिया पाहिली. चौकीवर जा आणि तुम्ही काय घातलंत ते सांगा. दोन शब्दांचं काम आहे.”

“कायद्याच्या गोष्टी तुम्हाला कळणार नाहीत.”

“नसतील कळत. पाणी कळतं.”

निघताना कोणी निरोपाचा शब्द बोलले नाही. माझ्या कारकिर्दीत ज्यांच्यासाठी चित्रपट केले त्यांच्याकडून कृतज्ञतेची अपेक्षा मी कधीच ठेवली नाही. पण विचाराची एक किमान शिस्त तरी असावी.

मंगळवार, ४ डिसेंबर

जवळच्या शहरातल्या फिल्म क्लबने माझा ‘तपकिरी हसू’ लावला. कार्यक्रम दोन महिन्यांपूर्वी ठरलेला होता, आणि मी दिलेला शब्द मोडत नाही. प्रोजेक्टरचा दिवा मंद होता आणि पडद्याला उजवीकडे सुरकुती होती. दोन्ही गोष्टी व्यवस्थापकाला दाखवून दिल्या.

आमच्याकडे फिल्म क्लबात चित्रपट हे निमित्त असते. दिवे लागल्यावर कोणी उठत नाही; खरी लढाई तेव्हा सुरू होते. एकोणिसाव्या वर्षी मी अशाच सभांत मोठमोठ्या दिग्दर्शकांना घाम फोडला आहे. त्यामुळे प्रश्नांची मला भीती नाही.

‘तपकिरी हसू’ हा जबल ऐशा या खाणगावाचा चित्रपट. तिथल्या पाण्याने तीन पिढ्यांचे दात तपकिरी झाले. मध्यावर एक प्रसंग आहे. खाणीचा अधिकारी टाय सारखा करत देशाच्या प्रगतीवर बोलत राहतो आणि माझा आवाज त्याला पुन्हा पुन्हा एवढेच विचारतो: “पाण्यात काय आहे?” तिथे लोक नेहमी हसतात. आजही हसले.

दिवे लागले. विद्यार्थ्यांचे दोन प्रश्न झाले, दोन्ही पाठ केलेले. मग तिसऱ्या रांगेतून तुर्किया उभी राहिली. ती आत कशी आली आणि तिला कोणी आणले, मला माहीत नाही.

सूत्रसंचालक तरुण प्राध्यापक होता. म्हणाला, “मावशी, प्रश्न चित्रपटाविषयी असेल तरच हं.”

“चित्रपटाविषयीच आहे, बाळा. तो टायवाला साहेब. ही त्याला विचारत होती, पाण्यात काय आहे, आणि तो सांगत नव्हता. मला हिला तेच विचारायचंय. त्या सोमवारी आमच्या पायाखालच्या पाण्यात काय होतं?”

मागे कोणाची तरी खुर्ची करकरली.

मी उत्तर दिले. वास्तव आणि त्याची प्रतिमा यांच्यात कलावंताला जी जबाबदारी वाहावी लागते तिच्याविषयी बोलले. चौकशी चालू असताना कोणतेही विधान बेजबाबदार ठरेल, हेही सांगितले. वाक्ये नीट बांधलेली होती. विद्यार्थ्यांनी टाळ्या वाजवल्या.

तुर्किया टाळ्या थांबेपर्यंत उभीच होती. मग शेजारणीकडे वळली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, “हिनं टाय नाही घातला, एवढाच फरक.”

हशा झाला. मघाशी टाळ्या वाजवणारेच हसले.

तुलना अत्यंत ढोबळ आहे. त्या अधिकाऱ्याने पगार घेऊन तीन पिढ्यांचे नुकसान झाकले. मी त्या पिढ्यांचे तोंड जगासमोर उघडले. दोन गोष्टींत केवळ एक वाक्य समान आहे म्हणून त्या समान होत नाहीत. रात्री जेवण गेले नाही. रस्सा आंबलेला होता.

गुरुवार, ६ डिसेंबर

सकाळी मेहरेझचा फोन. क्लबातली बातमी त्याच्यापर्यंत पोहोचली होती.

“युरोपातल्या महोत्सवाचे निवडकर्ते पंधरा तारखेला चित्रपट बघायला येतायत. तोवर तू तोंडात मिठाची गुळणी धरून बस. तू चौकीवर जाऊन काही बोललीस तर काय होईल, ठाऊक आहे? विमा गेला, ही पहिली गोष्ट. दुसरी म्हणजे फिल्म खटल्यातला पुरावा होईल. पुरावा पडद्यावर दाखवत नाहीत, रौदा. त्याला सील करून कपाटात ठेवतात, आणि तुझ्या-माझ्या मयतीनंतर कधी तरी परत करतात.”

“मी जाणार आहे असं तुला कोणी सांगितलं?”

“कुणी नाही. पण तुझ्या आवाजात शाळामास्तरीण आलीय. ती आली की मला भीती वाटते.”

मी फोन ठेवला. माझे वय चौपन्न. या चित्रपटाला चार वर्षे गेली. यानंतर दुसरा होईल, असे मेहरेझही आता म्हणत नाही. हे मी तक्रार म्हणून लिहीत नाही. ही परिस्थिती आहे.

दुपारी सोफियान पिकअपसोबत चौकीत गेलेली आपली कॅमेऱ्याची पेटी सोडवून आला. तिथल्या कारकुनाने त्याला पंचनामा वाचून दाखवला. पत्र्यावर बुळबुळीत थर आढळला, असे त्यात आहे. पुढे लिहिले आहे: गाडीची देखभाल नसल्याने तेल गळून पत्र्यावर पसरले होते, चालकाला याची जाणीव असूनही त्याने अठरा स्त्रियांना तीत चढवले.

“तेल?” मी विचारले.

“तेल, मॅडम.”

“इंजिन पुढे आणि पत्रा मागे. तेल उडी मारून गेलं का?”

“लझहर त्यांना सांगतोय की तेल नव्हतं. सांगतोय, लल्लाला विचारा. पण आजवर तो चौकीत इतकं खोटं बोललाय की आता ते हसतात.”

“तेल पाण्यावर तरंगतं, डाग पाडतं, त्याला वास येतो. ग्लिसरिनला वास नाही, डाग नाही, आणि ते पाण्यात विरघळतं. कोणीही शाळकरी पोर सांगेल. हा पंचनामा कोणी लिहिला? त्याने बोट तरी लावून पाहिलं का?”

सोफियानने पेटी खाली ठेवली. फक्त एवढेच म्हणाला, “तुर्किया मावशीनं लावून पाहिलं होतं.”

आजचा दिवस एका गाढवाच्या अज्ञानाने नासवला.

शनिवार, ८ डिसेंबर

सोफियानच्या छोट्या पडद्यावर तिसरा प्रयत्न पाहिला. चौकट कुठवर उचलता येईल ते ठरवायचे होते. पाय गाळायचे होते. पण पायांवरून नजर हलेना. अठरा जणींच्या पायांची बोटे पत्र्यावर आवळलेली, नखे पांढरी पडलेली. मांजर झाडाची साल पकडते तशी. “असा अभिनय शिकवून येत नाही,” मी म्हणाले.

सोफियान म्हणाला, “नाही येत.”

मग शिस्तीचा भाग म्हणून पहिले दोन प्रयत्न लावले. साधे पाणी. बायका चपला घालून उभ्या आहेत, गुडघे सैल, गप्पा चालल्या आहेत. एक जण जांभई देते. शाझलिया एका पायावर उभी राहून दुसऱ्या पायाची पोटरी खाजवते. मी तेव्हा यासाठीच हे दोन्ही प्रयत्न नापसंत केले होते. त्रास दिसत नाही, असे टिपणही केले होते.

पुन्हा तिसरा लावला. चपला कमरेला. बोटे आवळलेली. कोणी बोलत नाही.

त्यांनी चपला का काढल्या, हे मी त्या सकाळी एकीलाही विचारले नव्हते. घाला म्हणाले, त्यांनी घातल्या.

तिसऱ्याच्या सुरुवातीला, गाडी निघण्याआधी, ध्वनीवर माझा आवाज आहे. “अजून ओता. अजून.” आवाज स्वच्छ आला आहे.

सोफियानला म्हटले, बंद कर. त्याने केले. मी त्याला विचारले की चौकी किती वाजता उघडते. हे कशासाठी हवे, ते त्याने विचारले नाही, आणि मी सांगितले नाही. मला केवळ तो पंचनामा दुरुस्त करून घ्यायचा आहे. चुकीची गोष्ट कागदावर राहू देणे माझ्या स्वभावात नाही. याचा तुर्कियाच्या बोलण्याशी संबंध नाही.

सोमवार, १० डिसेंबर. चौकीच्या बाकावरून

चौकीप्रमुख सभ्य माणूस निघाला. उठून उभा राहिला, स्वतःच्या हाताने कॉफी दिली. कॉफी जळलेली होती.

“आमच्या आईनं तुमचा दातांचा चित्रपट पाहिलाय, मॅडम. रडली. तुमच्यासारख्या लोकांमुळे आता वरूनही विचारणा होते. पूर्वी असे ट्रकवाले आम्ही दम देऊन सोडायचो. आता नाही सोडत. हे तुमचं यश आहे.”

मी त्याला सांगितले की पत्र्यावर तेल नव्हते. पाण्यात ग्लिसरिन होते. बाटली माझ्या सामानातली होती, ती मिसळण्याचा आदेश माझा होता. चौथ्या प्रयत्नात बायकांना चपला घालायला मी लावल्या. लझहरने दोन्ही वेळा, आधी पाण्याविषयी आणि मग उताराविषयी, सावध केले होते. मी त्याला गप्प बसवले.

त्याची लेखणी हलली नाही.

“मॅडम, तुम्ही कलावंत. मनाला फार लावून घेता. झोप झाली नाहीये तुमची.”

“झोपेचा इथे संबंध नाही. लिहून घ्या.”

“कागद सरकारी वकिलाकडे गेलेत. नीट, सरळ प्रकरण आहे. माणूस बदनाम, गाडी जुनी, बाई इस्पितळात. त्यात तुमचं हे... काय ते...”

“ग्लिसरिन.”

“तेच. ते घातलं तर सगळंच विस्कटतं. तुमचंही, आमचंही. आणि कुणासाठी? लझहरसाठी? त्याच्यावर तर तुम्ही चित्रपट काढलात!”

“त्याच्यावर मी जे म्हटलं ते खरं आहे. तुमच्या कागदात आहे ते खोटं आहे. माझं निवेदन नोंदवा.”

“नोंदवता येणार नाही.”

“मग नोंदवता येणार नाही, असं लिहून द्या.”

तो हसला. मग त्याच्या लक्षात आले की मी हसत नाही.

“असं कोणी लिहून देत नाही, मॅडम.”

“मी थांबते.”

तेव्हापासून मी बाहेरच्या बाकावर आहे. मेहरेझचा फोन वाजतो आणि थांबतो, पुन्हा वाजतो. सोफियानने चारही प्रयत्नांच्या मूळ फिती आणि ध्वनी आणून माझ्याशेजारी ठेवले आहे, पावती घेऊन जमा करण्यासाठी. पंधरा तारखेला निवडकर्त्यांना दाखवायला आता काही उरणार नाही. ते मी जाणते. कोणी माझी समजूत घालू नये आणि कौतुकही करू नये. मी एक चुकीची नोंद दुरुस्त करत आहे.

तुर्किया दुपारी आली. तिला बोलावले नव्हते. शेजारी बसली, फडक्यातून रोटी काढली, हरिसा, मिरचीची चटणी, लावून अर्धी पुढे केली.

“मला भूक नाही.”

“खा, पोरी. ही माणसं उपाशी ठेवून जिंकतात.”

इतक्या वर्षांत मला ‘पोरी’ म्हणण्याची हिंमत कोणी केली नव्हती. रोटी खाल्ली. हरिशात लसूण जास्त होता. तसे तिला सांगितले. ती म्हणाली, “पुढच्या वेळी कमी घालीन.” पुढची वेळ येणार, हे तिने परस्पर गृहीत धरले आहे.

“लझहर सुटला तर पहिल्या दिवशीच पाणी ओतेल,” मी म्हणाले.

“ओतेल. मग आम्ही भांडू त्याच्याशी. ते भांडण आमचं आहे.”

चौकीप्रमुख दोनदा दारात येऊन पाहून गेला. तिसऱ्यांदा आला तेव्हा मी त्याच्या हातात अर्ज दिला. त्याची प्रत इथे उतरवून ठेवते.

“मी, रौदा लखुआ, चित्रपट दिग्दर्शिका, आज आपल्यासमोर तोंडी निवेदन केले की २६ नोव्हेंबर रोजी वाहनाच्या पत्र्यावर तेल नव्हते, माझ्या आदेशावरून पाण्यात मिसळलेले ग्लिसरिन होते, आणि चालकाने सावध करूनही मी काम थांबवले नाही. चित्रित दृश्ये व ध्वनी सोबत जमा करीत आहे. हे निवेदन आपण स्वीकारीत आहात की नाकारीत आहात, नाकारीत असल्यास कोणत्या कारणाने, आणि लझहर यांना कोणत्या आधारावर अटकेत ठेवले आहे, हे तारीख, सही व शिक्क्यासह मला लेखी कळवावे. तोंडी उत्तर मी उत्तर समजणार नाही.”